शेवटून पहिला

"पाय टेकला की बाद बरं का, काका," संपदा माइक बाजूला धरून म्हणाली. "रूल माहितीये ना?"

नरहरराव टेंभेकरांना रूल चांगलाच माहीत होता. बरखेड्याच्या कॉलनीतल्या गणपतीतली मंद सायकल स्पर्धा ते तरुणपणापासून बघत आले होते. चुन्याने आखलेल्या पट्ट्यातून सायकल जितकी हळू नेता येईल तितकी न्यायची, पाय जमिनीला लावायचा नाही, आणि जो सगळ्यांच्या शेवटी पोचेल त्याचा पहिला नंबर. ज्याचं निम्मं आयुष्य भरधाव गाडी पळवण्यात गेलं त्याने या खेळात उतरावं, हे जरा हसण्यासारखंच होतं. खुर्च्यांवर बसलेली मंडळी हसतही होती.

"काका, दरसाल तर तुम्ही झंडी दाखवता," शेजारच्या पट्ट्यातून अंबरीश म्हणाला. तो बँकेत होता आणि त्याची सायकल गिअरची, कोरी करकरीत होती. "आज डायरेक्ट मैदान में?"

"चौथा भिडू मिळत नव्हता. स्पर्धा कॅन्सल करतो म्हणाले."

ते खरंच होतं. बाकीचं त्यांनी अंबरीशला सांगितलं नाही.

नरहरराव कारखान्यात टर्नर होते आणि मोटरसायकलच्या शर्यतीत तीन वेळा देशात पहिले आले होते. चिखलमातीच्या ट्रॅकवर, वळणाला डावा पाय बाहेर काढून, जवळजवळ जमिनीला टेकवून गाडी अशी काही वळवायचे, की लोक जागेवरून उठायचे. मग गुडघा गेला. कोइमतूरला एक पोरगेलासा रायडर त्यांना मागे टाकून निघून गेला, आणि हे मुकाट्याने पुन्हा लेथवर येऊन उभे राहिले. आता कॉलनीत कोणाला विचारलं तर, काका पूर्वी रेस मारायचे, एवढंच ऐकायला मिळतं. लोकांना तरी किती लक्षात राहणार!

लग्नानंतरच्या पहिल्याच गणपतीत लीलावतीने त्यांना हट्टाने मंद सायकलला उभं केलं होतं. शिट्टी वाजली, सायकल जराशी कलली, आणि सवयीने यांचा डावा पाय बाहेर. चॅम्पियन बाद! त्याच दिवशी लीलावतीने पदर खोचून बायकांमध्ये पहिला नंबर काढला आणि पुढे कित्येक वर्षं तो कोणाला दिला नाही. नवऱ्याचे कप शोकेसमध्ये राहिले. तिला मिळालेले स्टीलचे डबे स्वयंपाकघरात गेले आणि रोज वापरले गेले.

"तुमचं चुकतं कुठे सांगू?" ती म्हणायची. "तुम्ही पुढे बघता. इथे पुढे बघायचंच नाही. शेजारच्याकडे बघायचं. तो जितका हळू, त्याच्याहून थोडं हळू."

शर्यतीत शेजारच्याकडे बघितलं की संपलं, हे नरहरराव शिकले होते. शेजारचा म्हणजे मागे टाकायचा माणूस. घरीही तसंच झालं. मुलाचा, आशयचा, जन्म झाला तेव्हा हे चेन्नईत गळ्यात हार घालून उभे होते. सासूचं आजारपण लीलावतीने एकटीने काढलं. तिने कधी आदळआपट केली नाही. निवृत्तीनंतर कॉलनी सोडून नेहरू नगरच्या फ्लॅटमध्ये दोघंच राहायला आली आणि आता शेजारी बघायला सवड मिळेल असं वाटलं, तेव्हा तिचं दुखणं निघालं.

"माझं ऐका," दवाखान्यात ती म्हणाली होती. "एकदा तरी शेवटचे या."

"बरं," म्हणून ते हसले होते. जानेवारीत ती गेली. घर खायला उठायला लागलं, तेव्हा त्यांनी तिची लेडीज सायकल बाहेर काढली आणि पार्किंगमध्ये रोज सकाळी गोगलगाईसारखी चालवायला सुरुवात केली. वॉचमनला काळजी वाटली.

"अंकलजी, पहुँचना किधर है?"

"कहीं नहीं," नरहरराव म्हणाले.

मैदानात शिट्टी वाजली.

सगळ्यात आधी अच्युत गेला. लेथवरचा त्यांचा जुना जोडीदार, पोट सांभाळत दोन हात पुढे आला आणि गवतावर उतरला. अंबरीशने मोठ्या ऐटीत सायकल जागच्या जागी उभी धरली आणि पुढच्याच क्षणी पाय टेकला. उरली पिंकी. कॉलेजातली ही पोरगी ओठ दाबून अगदी तोलून चालवत होती.

नरहररावांनी समोरच्या रेषेकडे बघितलं नाही. त्यांनी पिंकीच्या चाकाकडे बघितलं. ते थांबल्यासारखं झालं की हे ब्रेक दाबायचे. गुडघा ठणकत होता. एकदा सायकल डावीकडे झुकली आणि डावा पाय पेडलवरून उचलला गेला. ओल्या गवताच्या अगदी जवळ गेलेला तो पाय त्यांनी जिवाच्या कराराने परत वर घेतला. खुर्च्यांवरचं हसू थांबलं.

तोल जातोय असं वाटून पिंकीने पेडल मारलं आणि सायकल रेषेपार गेली.

"जिंकले! टेंभेकर काका शेवटून पहिले!" संपदा ओरडली. टाळ्या पडल्या. "या काका, या लवकर. आता पाय टेकला तरी चालेल."

थोडा पट्टा अजून बाकी होता. सवय लागल्यासारखं नरहररावांनी शेजारी बघितलं. शेजारचा पट्टा रिकामा होता. त्याच्या पलीकडचाही. चुन्याच्या रेघा तेवढ्या होत्या. शेवटचं येणं म्हणजे हे, एवढं तिने सांगितलं नव्हतं.

आता हळू जायचं काही कारण नव्हतं. दोन पेडल मारली असती तरी रेषा आली असती. टाळ्या थांबल्या. मंडळाची माणसं संगीत खुर्चीसाठी खुर्च्या ओढत मैदानात आली आणि संपदा पुढची नावं पुकारू लागली.

"काका, हो गया," अंबरीश जवळ येऊन हळूच म्हणाला. "उतरा आता. धरू का सायकल?"

"नको. येतो," नरहरराव म्हणाले. "थोडंसंच राहिलंय." आणि दोन्ही पाय पेडलवर ठेवून त्यांनी ब्रेक किंचित दाबला.