खांबाआडचं बोलणं

फोरमनना कमी ऐकू येतं हे घरात सगळ्यांना माहीत होतं, एक ते स्वतः सोडून. त्यांचं उभं आयुष्य छापखान्यात, धडधडणाऱ्या यंत्रांच्या शेजारी गेलेलं. तिथे सगळेच ओरडून बोलायचे, त्यामुळे कुणाच्या कानाचं काय झालंय याचा पत्ताच लागायचा नाही. निवृत्त होऊन घरी बसले तेव्हा प्रकरण उघडं पडलं. टीव्हीवरच्या बातम्या वरच्या मजल्यावर ऐकू जायला लागल्या. दारावरची घंटा वाजून वाजून माणसं परत जायला लागली. पण फोरमनचं म्हणणं एकच, "हल्ली लोक तोंडातल्या तोंडात बोलतात." त्यावरून ते तसूभरही हलत नसत. कानाच्या डॉक्टरचं नाव निघालं की पेपर उघडून त्यात डोकं घालत.

त्यांची बायको शाळेत भूगोल शिकवायची. शाळा सुटली तरी 'बाई' हे नाव मागे राहिलं. गल्लीतले, दुकानदार, जावईसुद्धा त्यांना बाईच म्हणत. दोघांना जरा हवापालट हवा म्हणून लेकीने त्यांना एका सहलीला धाडलं, आणि त्या सहलीत ही मोठी बॅसिलिका, म्हणजे जुनं भव्य चर्च, होतं. शहरात कुठेही उभं राहिलं तरी तिचा घुमट दिसायचा.

दारात पिशव्या तपासून झाल्यावर गाइड सगळ्यांना एका बाजूला घेऊन गेली. तिशीतली तरुणी, चालायचे बूट घातलेली, हातात पिवळी छत्री. तिने प्रत्येकाला गळ्यात अडकवायची एक डबी आणि कानात घालायचा इअरफोन दिला.

"आत मोठ्याने बोलायची परवानगी नाही," ती म्हणाली. "मी हळूच बोलेन. माझ्या कॉलरला माइक आहे. तुम्ही जरा मागे राहिलात तरी या डबीतून ऐकू येईल."

"मला नको," फोरमन म्हणाले. "मला ऐकू येतं."

"अहो, सगळ्यांनी घातलंय," बाई ओरडल्या. "घाला!"

सगळ्यांनी घातलंय म्हटल्यावर त्यांनी घातलं. डबीच्या कडेला आवाजाचं चाक होतं. यंत्राला चाक दिसलं की फिरवून बघायचं ही हाताची सवय. त्यांनी ते शेवटपर्यंत फिरवलं.

आणि गाइडचा श्वास त्यांच्या कानात आला.

ती पाणी प्यायली तो घोट, बाटलीचं झाकण लावल्याचा आवाज, मग अगदी शेजारी बसून बोलावं तसं, "चला, उजव्या बाजूने सुरुवात करू." फोरमननी चमकून शेजारी पाहिलं. शेजारी कुणी नव्हतं. गाइड पार पुढे, पहिल्या कमानीखाली होती.

त्यानंतर त्यांनी एक शब्द सोडला नाही. फरशीचा लाल दगड कुठून आणला, तो वेदीपाशीच इतका का झिजलाय, घुमट बांधताना पहिला वास्तुकार कसा मेला आणि त्याच्या जावयाने ते काम कसं पुरं केलं. गाइड बोलायची छान. एका भिंतभर चित्रापाशी ती थांबली. वर स्वर्ग, खाली नरक, मधे माणसांची ही गर्दी.

"असं सांगतात," ती म्हणाली, "की चित्रकाराने आपल्या सासूला स्वर्गात जागा दिली. ती बघा, निळ्या वस्त्रातली. आणि स्वतःला खाली नरकाच्या रांगेत उभं केलं. आता त्या रांगेतले चेहरे बघा. हसणारा माणूस एकच आहे."

सगळे हसले. फोरमनही हसले, सगळ्यांच्या बरोबर.

बाईंनी मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं. गेली काही वर्षं फोरमन हसायचे ते इतरांचे चेहरे बघून, सगळ्यांचं हसून संपत आल्यावर. आज ते चित्राकडे बघून हसत होते.

मधल्या दालनातून एक फेरी झाल्यावर गाइडने सगळ्यांना थोडा वेळ मोकळं सोडलं. "घुमटावर जायचा जिना डाव्या बाजूला आहे. तिथे भेटू. तोवर बसा, फिरा."

बाईंचा गुडघा बोलायला लागला होता. त्या कानातला इअरफोन काढून एका जाडजूड खांबामागच्या बाकावर जाऊन बसल्या. फोरमन पलीकडच्या प्रार्थनाकक्षात लोखंडी जाळी बघायला गेले; तिच्या सांध्यांना कुठे वेल्डिंगचा डाग दिसत नव्हता आणि ते कसं साधलं असेल हे त्यांना जाणून घ्यायचं होतं. ते जाळीला नाक लावून उभे असताना कानात पुन्हा आवाज आला.

"पाय दुखतोय का?" गाइड विचारत होती.

"गुडघा. जुनंच दुखणं आहे." हा बाईंचा आवाज. जरा लांबून आल्यासारखा, पण स्वच्छ.

"तुमचे मिस्टर मघाशी किती मनापासून हसले! नाहीतर पुरुषमंडळी माझ्या फेरीत घड्याळ बघत असतात."

"मलाच नवल वाटलं," बाई म्हणाल्या. "त्यांना ऐकू येत नाही हो. आणि ते मान्य करत नाहीत."

फोरमननी जाळीवरचा हात काढला. माइक चालू राहिलाय हे त्यांच्या लगेच लक्षात आलं. चार पावलं टाकून सांगायला हवं होतं. ते हलले नाहीत.

"मग तुमचं कसं चालतं?"

"चालतं. जेवायला या, गोळी घेतली का, दार लावा. एवढं ओरडून सांगता येतं. पण काही गमतीचं झालं असेल तर ते तीनदा ओरडून सांगेपर्यंत त्यातली गंमतच निघून जाते. मग मी सांगायचं सोडूनच दिलं. दिवसदिवस मी घरात कामापुरतं बोलते. शाळेत होते तेव्हा माझं तोंड बंद व्हायचं नाही. बहिणीने रोपवाटिका काढलीय. ये म्हणते माझ्याकडे राहायला. मी हो म्हटलंय. यांना अजून सांगितलेलं नाही. सांगायचं म्हणजे तेही ओरडूनच सांगायला हवं ना. 'मी तुम्हाला सोडून चाललेय' हे काय शेजाऱ्यांना ऐकू जाईल असं सांगायचं?"

फोरमननी आजूबाजूला पाहिलं. गटातले लोक इकडेतिकडे उभे होते आणि सगळे जागच्या जागी थिजले होते. एक दातांचे डॉक्टर होते, सहलभर अखंड बोलणारे. ते जमिनीकडे बघत होते. त्यांच्या बायकोची आणि फोरमनची नजरानजर झाली. तिने सावकाश कानातला इअरफोन काढला आणि नवऱ्याला कोपराने ढोसलं. त्यांनीही काढला. मग नव्याने लग्न झालेल्या जोडप्याने काढला, मग बाकीच्यांनी. कानात इअरफोन राहिला तो एकट्या फोरमनच्या.

ते खांबाकडे चालू लागले. कानात बाई सांगत होत्या, "माणूस वाईट नाहीय तसा," तेवढ्यात ते खांबाला वळसा घालून समोर आले. त्यांनी गाइडच्या कॉलरकडे बोट केलं.

"हे चालू आहे," ते म्हणाले.

गाइडने खाली पाहिलं. माइकवरचा बारीक दिवा लुकलुकत होता. तिचा चेहरा पांढराफटक पडला. "अरे देवा! माझी चूक झाली. मी खरंच... सगळ्यांना ऐकू गेलं?"

"सगळ्यांनी कानातून काढलं," फोरमन म्हणाले. "मी नाही काढलं."

बाई उठून उभ्या राहिल्या. त्यांना रडू येईल असं गाइडला वाटलं असावं, तिने हात पुढे केला. पण बाई चिडल्या होत्या.

"ऐकलंत ना?" त्यांनी ओठ नीट हलवत, न ओरडता विचारलं. "बरं झालं. माझा तेवढा घसा वाचला."

डाव्या बाजूला जिन्यापाशी गट जमायला लागला होता. गाइडला जाणं भाग होतं. बाईंना गुडघ्यामुळे चढता येणार नव्हतं, आणि फोरमन, ज्यांना घुमटावर जायचं म्हणून सकाळपासून धीर नव्हता, तेही जागचे हलले नाहीत.

"जिन्यात तुम्ही बोलता का?" त्यांनी गाइडला विचारलं.

"नाही, तिथे दम लागतो. वर गेल्यावर सगळे जवळच उभे असतात, माइक लागत नाही."

"मग तो खाली ठेवून जाल? हिच्यापाशी?"

गाइडने एकदा बाईंकडे पाहिलं, माइक काढला, आणि त्यांच्या पदरापाशी अडकवून दिला. हा माइक कुणाच्या हाती द्यायचा नाही असा नियम असणारच, पण त्या घडीला ती काहीही द्यायला तयार होती.

दोघं बाकावर शेजारीशेजारी बसली.

"काय बोलू याच्यात?" बाई म्हणाल्या. "भाषण करू?"

"हळू बोल. येतंय ऐकू."

बाईंनी समोरच्या मेणबत्त्यांकडे पाहिलं. मग इतक्या हळू बोलल्या की शेजारी तिसरं कुणी असतं तर त्यालाही कळलं नसतं. "मला तुमचा राग आलाय. खूप दिवसांपासून."

"हं."

"डॉक्टरकडे चला म्हटलं की पेपर उघडता. पेपराआडून माणूस दिसत नाही असं वाटतं का तुम्हाला?"

"मला वाटलं, एकदा कानाला यंत्र लावलं की संपलं," फोरमन म्हणाले. "म्हातारा झालो असं ठरतं."

"मग आता काय, तरुण दिसता?"

फोरमन हसले नाहीत. त्यांनी विचारलं, "न सांगितलेलं काय काय आहे?"

"काय काय म्हणजे?"

"गमतीचं. म्हणालीस ना, सांगायचं सोडलं."

राग एवढ्यात सोडायची बाईंची इच्छा नव्हती. पण खालच्या मजल्यावरच्या इन्शुरन्सवाल्याची हकिगत त्यांच्या पोटात हिवाळ्यापासून पडून होती; ती त्यांनी सांगून टाकली. तो सैल टॉवेल एका हाताने धरून गॅलरीत झाडांना पाणी घालायला गेला, वाऱ्याने दार लागलं, आणि तेवढ्यात त्याच्या साहेबाची गाडी खाली येऊन उभी राहिली. साहेबाने वर बघून हात केला. इन्शुरन्सवाल्यानेही सवयीने दोन्ही हात जोडून नमस्कार केला. दोन्ही हात.

फोरमन असे हसले की त्यांचा आवाज वरच्या कमानीत जाऊन घुमला. वेदीपाशी उभा असलेला रखवालदार तरातरा आला आणि तोंडावर बोट ठेवून उभा राहिला. बाईंनी हात जोडून माफी मागितली, आणि आपण दोन्ही हात जोडलेत हे ध्यानात येऊन त्यांनाच हसू आवरेना.

गट खाली आला तेव्हा बाई अजून बोलतच होत्या. गाइडने माइक परत घेतला, फोरमननी डबी गळ्यातून काढून दिली, आणि बाहेर पायऱ्यांवर ती पुढे काय सांगत होती ते त्यांना पुन्हा पुटपुटल्यासारखं वाटलं. दातांच्या डॉक्टरांनी बसमध्ये फोरमनशेजारी बसून त्यांना फोरमनच्याच गावातल्या कानाच्या एका डॉक्टरचं नाव मोठ्या अक्षरांत लिहून दिलं.

घरी आल्यावर फोरमन तपासणीला गेले. यंत्र मिळालं. पहिले काही आठवडे त्यांना ते अजिबात आवडलं नाही. भांड्यांचा आवाज डोक्यात जायचा, फोन कानाला लावला की शिट्टी वाजायची, आणि आपण जेवताना इतका आवाज करतो हे कळून ते ओशाळले. ते यंत्र काढून कपाटात ठेवायचे, बाईंनी काही न बोलता नुसतं पाहिलं की परत लावायचे.

बाई बहिणीकडे गेल्याच. फोरमनना वाटलं होतं, आता त्या जाणार नाहीत. तसं त्यांनी बोलूनही दाखवलं.

"का नाही जाणार?" बाई बॅगेत कपडे ठेवत म्हणाल्या. "मला रोपं लावायचीत. आणि बहिणीशी बोलायचंय. तुमच्याशी बोलता यायला लागलं म्हणून तिच्याशी बोलणं बंद करू?"

"किती दिवस?"

"बघते."

स्टॅंडवर फोरमननी बाईंची बॅग बसमध्ये वर ठेवली आणि खाली उतरून खिडकीपाशी उभे राहिले. बसचं इंजिन सुरू झालं. बाई खिडकीतून काहीतरी म्हणाल्या. यंत्र असूनही त्या घरघरीत फोरमनना ते ऐकू आलं नाही.

"काय म्हणालीस?" त्यांनी कानामागे हात धरून विचारलं. "ऐकू नाही आलं."

बाईंनी काच पुरती खाली केली, बाहेर वाकल्या आणि पुन्हा सांगितलं.