उत्तर कड्यावरच्या मेखा

कुणाचा विश्वास बसणार नाही, पण राबनहॉर्नचा उत्तर कडा चढलो तेव्हा माझ्या पाठीवर चीजचं अख्खं चाक होतं, आणि ते उतरवून ठेवायचं मी विसरलो होतो!

हे मी खिंडीतल्या आमच्या लाकडी घरात, भरल्या बाकांपुढे सांगत होतो. दुसऱ्या दिवशी दोरांचा आशीर्वाद होता. दर ऑगस्टात दोन्ही खोऱ्यांचे वाटाडे आपापला दोर चॅपेलच्या वेदीवर ठेवतात. ज्यांनी राबनहॉर्नवर सर्वांत अवघड वाट काढली, त्यांचा दोर पुढे. दक्षिणेची धार काय, बकऱ्यासुद्धा चढतात. पश्चिमेच्या घळीतली वाट पलीकडच्या खोऱ्यातल्यांनी काढली, अंगावर दगड झेलत. हिंमतच ती, नाही कोण म्हणतो? पण उत्तर कडा आमचा, आणि आमच्या तरुणपणापासून दोरही आमचाच पुढे.

यंदा पलीकडचा अम्ब्रोस अडून बसला. नुकताच तो कडा चढून आला होता, बोटं पार सोललेली.

"थिओडुल, तू चढलास हे पाहिलं कुणी? पटवून दे, नाहीतर उद्या आमचा दोर पुढे."

"माझ्या बायकोने पाहिलं. मागे दोर धरून तीच तर होती!"

बायको, म्हणजे झेन्स, काळा पाव कापत होती. जेवताना तिच्या डाव्या बाजूला कुणी बसत नाही, कोपर बसतं.

"सांगा की मग, ऐकू दे आम्हालाही," ती मान वर न करता म्हणाली.

मी छाती फुगवली. "वारा असा, की पायथ्याशी उडालेली माझी टोपी माझ्याआधी शिखरावर हजर! वाटेत एका रानबकऱ्याने खाली पाहिलं आणि घाबरून मलाच बिलगला. मग तो वरचा कोपरा. उजवीकडे काळाकभिन्न कातळ अंगाला चिकटलेला, खाली खोरं रुमालाएवढं. भले भले तिथून परत फिरले. मी हातोडा उपसला आणि हाणल्या मेखा, धाड धाड! गावात लोकांना वाटलं घंटा झाली. सगळे प्रार्थनेला जमले."

"आणि चीज?" झेन्सने विचारलं.

"वर बसून खाल्लं."

"अख्खं?"

"थोडं बकऱ्याला दिलं."

बाकं हसून हसून करकरली. अम्ब्रोस मात्र हसला नाही. त्याने खिशातून एक गंजलेली मेख काढून टेबलावर ठेवली.

"त्याच वरच्या कोपऱ्यात सैल झाली होती, काढून आणली. शिक्का तुमच्याच लोहाराचा. तेव्हा कडा तुमच्या गावाचा, उद्या दोरही तुमचाच पुढे. मान्य."

मी प्याला उचलला.

"थांब. आधी ह्या भिंतीला उजवा खांदा चिकटवून उभा राहा. हं, आता त्याच हाताने हातोडा मारतोस तसा हात उगार."

उगारला. कोपर भिंतीवर आपटलं आणि वाइन माझ्याच बाहीवर सांडली.

"त्या कोपऱ्यात उजवा हात हलतच नाही. मेख ठोकेल तर डावखुराच."

सगळ्यांच्या नजरा झेन्सच्या डाव्या हातातल्या पाव कापायच्या सुरीकडे वळल्या. सुरी थांबली होती.

अम्ब्रोसने उठून तिच्यापुढे टोपी काढली. "तेव्हा बाईचा दोर वेदीवर चालत नसे, म्हणून ही थाप होय? उद्या दोर वहिनीच नेतील. अरे थापाड्या, पुढे त्या होत्या. दोर धरून मागे तू होतास!"