अस्तराचे वेगळे

आई गेली तेव्हा मशीनवर एक ब्लाऊज अर्धा होता. एक बाही लागलेली, दुसरी सुईखाली. बाबांनी मशीनवर चादर टाकली. शिवायला आलेली बाकीची कापडं पिशवीत भरली आणि वर्ध्याला लागून असलेल्या आमच्या पिपरी मेघ्यात घरोघरी परत करून आले. प्रत्येक दारात म्हणायचे, "तिच्यापाशी ठेवलेलं होतं. तुमचं तुम्हाले." बायका कापड घेत आणि दार हळू लावून घेत.

देवळीच्या बसथांब्यावर उभी असताना एका पिकअपनं आईला उडवलं. गाडीचा विमा होता, म्हणून भरपाईचा दावा टाकला. त्यालाही आता बरेच दिवस झाले. तारीख लागायची, मी ग्रंथालयातून रजा काढायची, आम्ही कोर्टात जायचो, कोणीतरी गैरहजर असायचं, आम्ही परत यायचो.

अखेर साक्षी लागल्या. आमच्या वकील ज्योत्स्नाताईंनी बाबांना समोर बसवलं.

"काकाजी, बाई घरीच होती म्हटलं तर कोर्ट घरकामाचा एक अंदाज धरते, अन् तो लहान असतो. ती लोकांचे कपडे शिवून पैसे घेत होती, एवढं तुम्ही सांगा. त्यानं फरक पडते."

"ते टाइमपास होता तिचा."

"रोज सकाळ-संध्याकाळ टाइमपास? काकाजी, लाज घरी ठेवून येजा त्या दिवशी."

बाबा हसले नाहीत. घरी आल्यावर मला म्हणाले, "माह्या मायनं गावी रोहण्यात जिंदगीभर लोकाच्या वावरात कापूस वेचला. नोकरी लागली तवा मी तिले बोललो होतो, माही बायको कोणाच्या कामाले जाणार नाई. आता कोर्टात उभा राहून उलटं सांगू काय?"

"आई कोणाच्या कामाला गेली नाही, बाबा. लोक आपल्या घरी यायचे."

"एकच झालं."

पाटबंधारे खात्यात कारकुनी केलेल्या माणसाला कागदाचं महत्त्व मी काय सांगणार? पोलिसांच्या कागदात आईच्या नावापुढे 'काही करत नाही' असं लिहिलं आहे. ते बाबांनीच सांगितलं होतं. ती देवळीला नातेवाइकांकडे गेली होती, हेही त्यांनीच. आमचं देवळीला कोणी नाही. भरपाई किती मिळते ते मिळो, पण कोर्टाच्या निकालातही 'काही करत नाही' येऊ नये, असं मला वाटत होतं. माझं एम.ए. त्या मशीनवर झालं आहे.

साक्षीच्या दिवशी बाबांनी इस्त्रीचा शर्ट घातला. विमा कंपनीचे वकील सौम्य होते.

"प्रेमदासजी, घर तुमच्या पगारावर चालायचं?"

"हो."

"पत्नी काही काम करायच्या?"

ज्योत्स्नाताईंनी मान वर केली. बाबा समोरच्या भिंतीकडे बघत होते.

"नाई. गरज नव्हती."

टायपिस्टनं ते उतरवून घेतलं. बाबा खाली येऊन मागच्या बाकावर बसले. पुढची साक्ष माझी होती. आता बोलायचं म्हणजे माझ्या बापाला त्याच्यासमोर खोटं पाडायचं. मी शपथ घेतली, आणि ज्योत्स्नाताई विचारत गेल्या तसं सांगत गेले. आई लोकांचे ब्लाऊज शिवायची, फॉल-पिको करायची, पैसे घ्यायची. मागे वळून पाहिलं नाही.

मग विमा कंपनीचे वकील उठले. "तुमच्या वडिलांना हे माहीत नाही, तुम्हाला मात्र सगळं माहीत. मग सांगा, एका ब्लाऊजचे किती घ्यायच्या?"

मी आठवू लागले. मी कधी विचारलंच नव्हतं.

"दीडशे," मी अंदाजानं म्हणाले.

"साध्याचे," मागून बाबांचा आवाज आला. "अस्तराचे वेगळे."

आता मी वळून पाहिलं. बाबा उभे होते. उठल्याचं त्यांनाही कळलं नसावं.

"तुमची साक्ष झाली आहे," न्यायाधीश म्हणाले. "बसून घ्या."

बाबा बसले.

बाहेर आल्यावर मी ज्योत्स्नाताईंना विचारलं, ते लिहून घेतलं का? "बाकावरून बोललेलं कोण लिहून घेते?" त्या म्हणाल्या. "अर्ज देते. परत बोलावून घेऊ त्यांना. मंजूर झाला तर."  पुढची तारीख सांगून गेल्या.

आम्ही ऑटोत बसलो. पिपरीचा रस्ता लागला.

"वर्ध्यापेक्षा देवळीले अस्तर चांगलं भेटते म्हणे ती," बाबा म्हणाले. "मीच सांगतलं होतं, उनाचं नको जाऊ."

घरी आल्यावर त्यांनी मशीनवरची चादर काढली आणि घडी घालून ठेवली. "पुढच्या तारखेले सांगीन," म्हणाले, आणि हातपाय धुवायला आत गेले.