टेकलेला गुडघा

मंगळवारी सकाळी फिल्म पाहायची, ही कॅनडात, सास्काटूनला, चेंडू हातात घेऊन पळायचा फुटबॉल खेळणाऱ्या पेलिकन्स संघाची जुनी रीत. शनिवारचा सामना पडद्यावर पुन्हा चालायचा. जिथे चूक झाली तिथे मुख्य कोच रँडल कीटली फिल्म थांबवायचा आणि ज्याची चूक त्याने हात वर करून म्हणायचं, "माझी." एवढंच. कोणी कोणाकडे बघायचं नाही.

तेरातले अकरा सामने हरल्यावर पोरं म्हणायला लागली होती, "टीम कसली, शाळेचा वर्ग झालाय. सगळ्यांचे हात आपले वरच."

लॉर्न हावरिलक मागच्या भिंतीला टेकून उभा होता. किकच्या डावांचा तो सहायक कोच. वय अठ्ठावन्न, त्यातली एकतीस वर्षं याच संघात गेलेली.

पडद्यावर शेवटचे चार सेकंद आले. तेवीस-तेवीस अशी बरोबरी. समोरच्यांची लांबची किक तोकडी पडली. मैदानाच्या आपल्या टोकाच्या पट्टीत उभ्या मार्केल ब्रिजवॉटरने चेंडू अलगद झेलला, एक गुडघा जमिनीला टेकला आणि हसत पंचांकडे पाहिलं. झालं, आता जादा वेळ मिळणार!

पंचांनी एक बोट वर केलं.

आपल्या पट्टीत चेंडू घेऊन थांबलं की समोरच्यांना एक गुण. पळत बाहेर या, नाहीतर लाथेने चेंडू बाहेर उडवा. इथल्या शाळकरी पोरींनाही हे ठाऊक. पण मार्केल मिसिसिपीचा. त्यांच्याकडच्या, अमेरिकेतल्या फुटबॉलमध्ये त्या पट्टीत गुडघा टेकल्याने काही बिघडत नाही. बिचारा गुरुवारी विमानातून उतरला आणि शनिवारी मैदानात उतरला होता.

दर जूनमध्ये लॉर्न नव्या अमेरिकन पोरांना गाड्या लावायच्या जागी नेऊन खडूने ती पट्टी आखायचा आणि नियम प्रत्येकाकडून तीनदा वदवून घ्यायचा. पण मार्केल आला ऑक्टोबरात, त्या जागेवर आधी खेळणाऱ्याचा घोटा मोडला म्हणून. दोन दिवसांत लॉर्नने त्याच्याकडून नऊ डाव घोटून घेतले. पट्टीचं सांगायचं त्याच्या मनातच आलं नाही. पाण्यात हात घातला की भिजतो, हे कोणी कोणाला सांगतं का?

सामना संपल्यावर कीटलीने विचारलं होतं, "त्याला सांगितलं होतंस ना तू?"

लॉर्नने मान हलवली होती.

रविवारी प्रार्थनेहून आल्यावर त्याने हे बायकोला, ओरीसियाला सांगितलं. संघ जिंकेपर्यंत चहात साखर घ्यायची नाही असा तिचा नेम होता, आणि सहा आठवडे ती कडू चहा पीत होती.

"म्हणजे तू हो म्हणालास," ती म्हणाली.

"मान हलवली फक्त."

"मानेचं खोटं वेगळं असतं का रे, लॉर्न?" ती कप विसळत राहिली.

कीटलीने फिल्म थांबवली. पडद्यावर गुडघा टेकलेला मार्केल तसाच हसत राहिला. खोलीत दुसऱ्या रांगेतला हात वर झाला.

"माझी, कोच."

लॉर्नने तोंड उघडलं. फिल्म पुढे सरकली.

बैठक संपल्यावर कीटली त्याला म्हणाला, "त्या पोराला माझ्याकडे पाठव. डावांची वही घेऊन ये म्हणावं."

वही घेऊन बोलावणं आलं की संघातून नारळ मिळाला, हे ड्रेसिंग रूममध्ये सगळ्यांना माहीत होतं. मार्केललाही. बुटांच्या नाड्या बांधता बांधता त्याचे हात थांबले.

"वहीसकट?"

"हो."

बोळातून जाताना मार्केलच बोलला. "कोच, चूक माझीच. नियमांचं पुस्तक दिलं होतं मला. विमानात उघडलं आणि झोप लागली. आईला म्हटलं होतं, थंडी फार आहे, पण माणसं चांगली आहेत."

लॉर्न थांबला. "दे ती वही इकडे. आणि ऐक. त्या पट्टीत कधी थांबायचं नाही. कधीच नाही. समजलं?"

"समजलं. पण आता काय उपयोग?"

लॉर्न एकटाच आत गेला.

"पोरगा कुठाय?" कीटलीने विचारलं.

"बाहेर. त्याला मी सांगितलंच नव्हतं, रँडल."

कीटलीने चष्मा काढला. "शनिवारी विचारलं तेव्हा?"

"खोटं बोललो."

"आणि आत्ता आठवलं होय?"

"शनिवारपासून दुसरं काही आठवतच नाहीये."

कीटलीने चष्मा पुन्हा चढवला. "संघाच्या अध्यक्षांना काढून टाकायला संध्याकाळपर्यंत कोणाचं तरी नाव हवंय. एकाचं तरी."

लॉर्नने मार्केलची वही बगलेत धरली आणि स्वतःची टेबलावर ठेवली.

पुढच्या शनिवारी एकतीस वर्षांत पहिल्यांदाच तो प्रेक्षकांत बसला. मांडीवर घोंगडी, शेजारी ओरीसिया, थर्मासमध्ये बिनसाखरेचा चहा. चौथ्या, शेवटच्या सत्रात पेलिकन्स एकतीस-सात असे मागे होते. उंच किक आली आणि मार्केलने ती पट्टीत अगदी खोल झेलली.

इथे मात्र टेकायचा गुडघा. चोवीस गुणांनी मागे असताना एक गुण गेला तर गेला, पण मग चेंडू आपल्यालाच, कितीतरी पुढून मिळतो. लॉर्न ताडकन उठला. "थांब! टेक गुडघा, टेक!"

मार्केल जीव खाऊन पळाला. पट्टीबाहेर दोन पावलं टाकली असतील नसतील, चौघांनी त्याला आडवा केला.

"या येड्याला अक्कल कधी येणार?" मागून कोणीतरी ओरडलं. लोक हसले.

"आता का चिडलेत सगळे?" ओरीसियाने विचारलं. "बाहेर तर आला ना तो?"

"मी सांगितलं तसंच केलं गं त्याने. कधीच थांबू नको म्हणालो. कधी थांबायचं ते सांगितलंच नाही."

मार्केल उठला. शाबासकीच्या आशेने त्याने बाजूच्या रेषेकडे पाहिलं. लॉर्न उभा राहायचा तिथे आता पाण्याचं पिंप होतं.

लॉर्नने घोंगडी घडी करून बायकोच्या हातात दिली.

"तू गाडीत बस. मी खेळाडूंच्या दारापाशी थांबतो."

"तुला आत सोडणार नाहीत आता."

"माहितीये. तो बाहेर येईलच की."