जिरं राहिलंच

भाऊरावांनी पिशवी ओट्यावर उपडी केली. फिटकरीचा खडा घरंगळत कांताबाईंच्या परातीला जाऊन थडकला.

“घे. थेट सियागंजच्या बाजारातला माल आहे.”

“आणि जिरं?”

“जिरं कधी सांगितलंस?”

“नाही सांगितलं? मग राहिलंच. उद्या आणा.”

भाऊराव टोपीनं वारा घेत हसले. गेले काही महिने हेच चाललं होतं. बाई एका खेपेत दोन जिनसा सांगेल तर शपथ. कोपऱ्यावरचं जिरं तिला चालत नाही, आणि भाऊरावांनी टेम्पोत बसलेलंही चालत नाही.

दुपारी शेजारच्या दिनानाथला त्यांनी हळूच सांगितलं, “आमच्या कांताबाईचं डोकं कामातून चाललं, भिया.”

“घरी बसून बसून होतं असं. जरा हिंडवा त्यांना.”

हे दुखणं भाऊरावांच्या ओळखीचं होतं. उभा जन्म कापडमिलच्या साचाखात्यात, मागांवर गेला. यंत्रांच्या रांगांमधून पाळीभर चालायचं आणि सूत तुटलेलं दिसलं की तिथल्या तिथं सांधायचं. मग मिलला कुलूप लागलं, भाऊराव खाटेवर बसले आणि बोलण्यातलं सूत तुटायला लागलं. एकदा तर दारात आलेल्या सख्ख्या जावयाला त्यांनी अदबीनं विचारलं, “आपण कोणाकडचे?” थट्टा समजून सगळे खो खो हसले. हसल्या नाहीत त्या फक्त कांताबाई.

हल्ली मात्र बरं होतं. सियागंजला जाताना चिमणबागेच्या कडेनं, कडुनिंबांच्या सावलीतून चालायला लागलं की हरवलेली माणसं आपण होऊन भेटायला येत. बाळकृष्ण जॉबर आणि कापसानं पांढऱ्या झालेल्या त्याच्या भुवया. अनंत चतुर्दशीला मिलची झांकी, दिव्यांनी लखलखता चित्ररथ, बघताना गर्दीत हरवलेली कांताची चप्पल, आणि एकाच चपलेवर पहाटेपर्यंत ऐटीत फिरलेली कांता.

संध्याकाळी कांताबाई नळावर गेल्या, तेव्हा भाऊराव चहासाठी साखर शोधत होते. पिठामागचा डबा त्यांनी उघडला. आत जिऱ्याच्या पुड्या होत्या, दोराही न सोडलेल्या. खाली फिटकरी, एखाद्या न्हाव्याला दुकान थाटता येईल इतकी.

हाक मारायला त्यांनी तोंड उघडलं. मग जावई आला होता त्या दिवशीचा कांताबाईंचा चेहरा आठवला. त्यांनी झाकण लावून टाकलं आणि चहा बिनसाखरेचा घेतला.

सकाळी पिशवी हातात देत कांताबाई म्हणाल्या, “अहो, तेवढं जिरं.”

“तूही चल.”

“मी कशाला?”

“वाटेत विसरलो तर? काय आणायचं ते.”

कांताबाईंनी पिठाच्या डब्यामागं पाहिलं. झाकण तिरकं बसलं होतं. खाटेखालून त्यांनी आपल्या चपला ओढल्या आणि उंबऱ्यावर आपटून त्यांच्यावरची धूळ झाडली.

“चिमणबागेवरून जाऊ,” भाऊराव म्हणाले. “थोडं लांब पडतं.”

“पडू दे.”