जिन्यावरचा निरोप

“दादाचे लोकरीचे कपडे तेवढे दे,” नणंद दारातूनच म्हणाली. “फणफणलाय तापाने. दवाखान्यात ठेवलाय.”

वहिनी इस्त्री करत होती. दिवसभर हॉटेलच्या चादरींवर इस्त्री फिरवून आली, तरी घरी पुन्हा तेच. नवरा दुसरीकडे राहायला गेल्यापासून रिकाम्या हातांनी बसलं की घर खायला उठायचं.

“का? ती बाई पांघरूण घालत नाही त्याला?”

“असं तोडून बोलू नकोस गं. पुरुषाची जात. घसरला पाय.”

“घसरला? घसरणारा माणूस मोज्यांच्या जोड्या लावून बॅग भरत नाही.”

तिने कपाट उघडलं आणि हाताला लागले ते कपडे नणंदेच्या कवेत कोंबले. नणंद हलेना.

“आणखी एक होतं,” ती चाचरत म्हणाली. “त्याला कुठलं तरी औषध सोसत नाही ना? डॉक्टर विचारतायत. तो शुद्धीत नाही, तिला काही ठाऊक नाही. तू जरा चल ना.”

वहिनीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. संसार मोडताना तिला कुणी विचारलं नव्हतं. आता मात्र तिच्यावाचून अडलं होतं. ठाऊक नाही म्हणावं, असं अगदी ओठांवर आलं. कळू दे त्या बाईला, माणूस सांभाळणं म्हणजे काय ते.

तिने इस्त्री बंद केली.

“ती बाई आहे तिथे मी पाय ठेवणार नाही. पेनिसिलीन चालत नाही त्याला. घसा सुजतो, श्वास कोंडतो. मागे मरता मरता वाचलाय. जा आता.”

दार लावलं, पण जीव थाऱ्यावर येईना. ही पहिल्यापासूनची वेंधळी. कोपऱ्यावर जाईपर्यंत विसरायची. वहिनी तशीच अनवाणी बाहेर धावली आणि जिन्याच्या कठड्यावरून ओरडली, “काय सांगितलंय मी? म्हण.”

“पेनिसिलीन,” खालून आवाज आला.

“परत म्हण.”

शेजारपाजारची दारं किलकिली झाली.

“पेनिसिलीन द्यायचं नाही. आहे लक्षात, वहिनी.”

“आणि वहिनी म्हणू नकोस मला.”

सकाळी ती कामाला निघाली, तेव्हा समोरची शेजारीण दारातच उभी होती. “काल कुणाशी भांडत होतीस गं एवढी?”

“भांडत नव्हते. निरोप द्यायचा होता एक.”

तिने कुलूप लावलं. मागे घरात कुणीच नव्हतं. कुलूप एकदा ओढून पाहिलं आणि ती जिना उतरू लागली.