हिंकेच्या खिडकीचा कट्टा

आमच्या कालव्याकाठच्या गल्लीत पडदे कुणी ओढत नाही. लपवण्यासारखं काय आहे, असं आम्ही म्हणतो. खरं तर समोरच्या घरात डोकवायची खोड सगळ्यांनाच. म्हणून समोरच्या विब्रेननं खिडकीच्या कट्ट्याला टाइल लावायला घेतल्या, ते मी माझ्या खुर्चीतून पहिल्या दिवसापासून पाहिलं.

त्याची बायको हिंके पडली आणि खुब्याचं हाड मोडून सात आठवडे इस्पितळात होती. शनिवारी घरी येणार होती, पण जिना आता बंद. तिचा पलंग खालीच, रस्त्याकडच्या खिडकीला लावला होता. खिडकी सताड उघडून येणाऱ्याजाणाऱ्याला हाका मारायच्या, हा बाईचा पंचेचाळीस वर्षांचा धंदा. आता तर तिला तेवढंच उरलं होतं. आणि कट्ट्याची फळी कुंड्यांच्या पाण्यानं कुजलेली.

"गवंडी बोलव की," मी म्हटलं.

"गवंडी लावेल आणि जाईल. पडून बघायचंय हिंकेला."

विब्रेनचा जन्म मालवाहू बोटीवर गेला. घाई त्याला ठाऊक नाही. नवी फळी ठोकली. पांढऱ्यावर निळी चित्रं असलेल्या टाइल आणल्या, आधी कोरड्याच मांडून पाहिल्या.

"यित्स्के," त्यानं मला विचारलं, "ही बगळ्याची टाइल तिच्या उशाशी ठेवू की पायाशी?"

"उशाशी ठेव. तुझ्यापेक्षा बरा दिसतो."

वाऱ्यानं सांधे तडकू नयेत म्हणून तीन दिवस खिडकी घट्ट बंद. लेव्हलची पट्टी लावली की तिच्यातला बुडबुडा बरोबर मधोमध. कट्टा असा देखणा झाला की मला हेवा वाटला, उगाच खोटं कशाला बोलू.

शनिवारी हिंके आली, तेव्हा मी त्यांच्याकडेच होते. पलंगावर टेकल्यावर तिनं सगळ्या टाइलवरून एकदा हात फिरवला.

"वाईट नाही," ती म्हणाली. आमच्याकडे याहून मोठं कौतुक नसतं. विब्रेन कानापर्यंत लाल झाला. "आता उघड खिडकी."

आमच्या खिडक्या आत उघडतात. त्यानं मूठ फिरवली, झडप ओढली, आणि ती टाइलच्या कडेवर खट्कन अडली. अर्ध्या बोटाचा फरक. जन्मभर त्या खिडक्या पुसलेली मी, मलाही सुचलं नव्हतं!

"राहू दे," हिंके हळूच म्हणाली. "काचेतून दिसतं की सगळं."

हिंके कधी हळू बोलत नाही.

विब्रेन आत जाऊन छिन्नी-हातोडी घेऊन आला.

"अरे वेड्या, तीन दिवस खपलायस त्याच्यावर!"

"सात आठवडे घरात माझ्यावर कुणी ओरडलं नाही," तो म्हणाला. "टाइल घेऊन काय चाटू?"

आणि त्यानं घाव घातला. झडपेच्या वाटेतली एकेक टाइल फोडली, बगळाही सोडला नाही. फळी उघडी पडली तशी झडप सरकली, आणि कालव्याचा गार वारा थेट पलंगावर आला.

हिंकेनं कोपरावर भार देऊन मान बाहेर काढली.

"विब्रेन! झाडू आण, मेल्या! अंथरुणभर कपच्या उडवल्यास!"

पार पुलापर्यंत ऐकू गेलं असेल. नवरा तर तिच्या मागे दोनच हात अंतरावर उभा होता.

तो झाडू आणायला स्वयंपाकघरात गेला. झाडू दाराआडच असतो, पण त्याला तो बराच वेळ सापडला नाही.